किसन मार्करची तिसरी गादी

घरात नवीकोरी गादी उंदरांच्या भीतीनं आढ्याला टांगून ठेवायची आणि आपण बरोब्बर तिच्याखाली जमिनीवर चटई टाकून झोपायचं, असा माणूस मी एकच पाहिला. मी त्याला एकदा विचारलंही, "मार्कर, निदान लग्न ठरेपर्यंत तरी झोप की तिच्यावर." तो माझ्याकडं असा बघत राहिला की मी जणू देवळातला नारळ फोडून खायचं म्हणालो होतो. "ग्रेडरसाहेब," तो म्हणाला, "गादी पोरीची आहे. मी फकस्त जितली."

त्याचं नाव किसन भगत. पण कारंज्यात त्याला या नावानं कोणी हाक मारत नसे. सगळं गाव त्याला मार्कर म्हणायचं. मार्कर म्हणजे टेनिस क्लबाचा पगारी खेळाडू. सकाळी कोर्ट शेणामातीनं सारवायचं, चुन्याच्या रेघा ओढायच्या, जाळी ताणायची, रॅकेटच्या तुटलेल्या ताती बांधायच्या आणि एखाद्या मेंबराला जोडीदार मिळाला नाही तर त्याच्याशी खेळायचं, हे त्याचं काम. खेळायचं आणि हरायचं. हरायचं असं कोणी सांगितलेलं नव्हतं, पण पगार मिळायचा तो त्याचाच.

सत्तर सालच्या आसपास मी कापसाची प्रत ठरवणारा ग्रेडर म्हणून कारंज्याच्या एका जिनात, सरकी काढून गाठी बांधायच्या कारखान्यात, नोकरीला लागलो. माझं गाव साताऱ्याकडचं. इथली बोली कानात बसेपर्यंत एक अख्खा हंगाम गेला, आणि इथलं ऊन अंगात बसलं नाही ते शेवटपर्यंत. संध्याकाळी वेळ जावा म्हणून क्लबात जायला लागलो. क्लब म्हणजे फार मोठं प्रकरण नव्हतं. कडुनिंबाखाली एक कोर्ट, टिनाची एक खोली, वेताच्या चार खुर्च्या. येणारे म्हणजे वकील, डॉक्टर, अडत्ये, बदलून आलेले सरकारी साहेब. पाण्याचा माठ होता आणि मार्करचा ग्लास खिडकीत वेगळा पालथा घातलेला असे. मार्कर छप्पन साली नागपूरला जाऊन दीक्षा घेऊन आला होता. ग्लासानं मात्र अजून घेतलेली नव्हती. याची आम्हा सगळ्यांना लाज वाटायला हवी होती, पण आम्ही त्या माठातलं गार पाणी पिऊन घरी जात होतो.

माणूस उंच, हाडकुळा, उजवा हात डाव्याच्या दीडपट. अंगावर मेंबरांनी दिलेल्या जुन्या पांढऱ्या पॅंटी, कधी डॉक्टरांच्या पोटाच्या मापाची, कधी वकिलांच्या, कमरेला सुतळीनं आवळलेली. मिशीला मात्र रोज तेल. गर्विष्ठ म्हणावा इतका गर्विष्ठ. नवीन माणूस आला की छाती काढून सांगायचा, "मी किसन भगत, च्यांपियन." त्याला एक खोड होती. ताणलेली दोरी, तार, तात काहीही दिसो, अंगठ्याच्या नखानं ती छेडायची आणि कान लावून ऐकायची. रॅकेट तर छेडायचाच, पण बाजेचा सुंभ छेडायचा, कुंपणाची तार छेडायचा, एकदा आमच्या घरी वाळत घातलेल्या कपड्यांची दोरी छेडली तेव्हा माझी बायको पदर तोंडाला लावून हसत आत गेली. आवाज पसंत पडला की म्हणायचा, "बोलून राह्यली."

हरण्यात तर त्याचा हात धरणारं कोणी नव्हतं. डॉक्टरांशी तो धावून धावून, धापा टाकत हरायचा, म्हणजे आपण याला पळवला असं त्यांना वाटे. वकिलांशी दोन-चार बॉलांवर हुज्जत घालून हरायचा. अडत्यांशी आधी जिंकत जाऊन मग शेवटी हरायचा, कारण त्यांना तेजी-मंदीची सवय. खेळ संपला की मेंबर बॉल त्याच्याकडं फेकून खुर्चीत बसायचे. हात कोणी देत नसे, आणि तोही पुढं करत नसे.

एकदा एक तरुण साहेब बदलून आले. उमदा माणूस. म्हणाले, "मार्कर, आज खरं खेळायचं."

मार्करनं विचारलं, "सायेब, खरं म्हनजे कोन्तं खरं?"

"म्हणजे तुझं असेल नसेल ते सगळं लाव."

त्यानं लावलं. साहेबांना एक गेम मिळाला नाही. साहेब हसले, पाठ थोपटली आणि पुढं कितीतरी दिवस क्लबात फिरकले नाहीत. मार्कर चुन्याच्या रेघा ओढता ओढता मला म्हणाला, "या लोकाइले खरं पायजे असते, पन चमचाभर."

असा वर्षभर खोटं हरणारा हा माणूस मे महिन्यात एक आठवडा खरं खेळायचा, आणि ते आमच्या जिनाच्या गोदामात.

नागपूरकडं हिवाळ्यात हिरवळीवर मोठ्या स्पर्धा व्हायच्या. तिथं सगळे हौशी खेळाडू. जो पगार घेऊन खेळतो त्यानं हौशी माणसांत उतरायचं नाही, असा तिथला कायदा. तेव्हा मार्कर मंडळींच्या वाट्याला जाळी ताणणं आणि बॉल वेचणं. आमच्या शेठजींच्या वडिलांना याची गंमत वाटली की वाईट वाटलं, कोण जाणे, पण त्यांनी फक्त मार्कर लोकांसाठी एक स्पर्धा सुरू केली. हंगाम संपला की कापसाच्या गाठी बाहेर जात आणि गोदाम रिकामं होई. बाहेर उन्हानं कोंबडीसुद्धा फिरकत नसे, तेव्हा खेळ छपराखाली. अकोला, खामगाव, अमरावती, पुसद, जिथं म्हणून क्लब तिथले मार्कर येत. पेपरात यायची नाही अशी ही दुय्यम स्पर्धा. पण त्या लोकांसाठी तीच पहिली आणि तीच शेवटची.

गोदामातले नियम गोदामासारखेच. आगीच्या भयानं दिवा नाही, आणि दारात बिड्या-काड्या काढून ठेवायच्या. उजेड काय तो छपरातल्या काचांमधून. बॉल वर छपराच्या कैचीला लागला की बाद. जमिनीवरची रुई बॉलला चिकटून तो सशाच्या पिल्लासारखा दिसू लागे. मग थांबून पॅंटीला पुसायचा. पाण्याचा रांजण एकच आणि लोटाही एकच. गेल्या वर्षीच्या च्यांपियननं या वर्षीचं कोर्ट सारवायचं, हा मान होता. आणि हरल्यानं आधी जाळीखालून वाकून पलीकडं जायचं, जिंकलेल्याला आपण होऊन हात द्यायचा, हा दंडक होता. जिंकणाऱ्याचं नाव प्रेसचा फोरमन गाठींवर मार्का मारायच्या शाईनं भिंतीवर काढी. त्या भिंतीवर अकोल्याच्या रहीमचाचाचं नाव सगळ्यांत जास्त वेळा होतं. रहीमचाचा डावखुरा, दाढीला मेंदी लावणारा. आमच्या किसनचं नाव मी आलो तेव्हा एकदाच होतं.

आणि बक्षीस म्हणजे गादी. पहिल्या प्रतीची रुई, पिंजारी बोलावून पिंजलेली, पट्ट्यापट्ट्याच्या कापडाची जाडजूड गादी. जिनवाल्यानं आणखी काय द्यावं?

किसनची बायको तिसऱ्या बाळंतपणात गेली होती. मुली तीन. जना, शांता आणि दीक्षेच्या साली जन्मलेली रमा. थोरल्या जनाच्या लग्नाआधी तो पहिल्यांदा च्यांपियन झाला आणि जिंकलेली गादी त्यानं तिच्या आंदणात दिली. जना गावातच दिली होती. तिच्या सासूनं ती गादी म्हणे साऱ्या गल्लीला बोलावून दाखवली, की पाहा, आमच्या इवायानं, सुनेच्या बापानं, खेळून जितून आणली. ते किसनच्या कानावर आलं आणि त्याच्या डोक्यात एक गोष्ट पक्की बसली. आपल्या पोरी जमिनीवर वाढल्या, पण सासरी जातील तेव्हा बापानं जिंकलेल्या गादीवर झोपतील. तिघीही.

मी आलो त्या वर्षी मला गुण मोजायला बसवलं होतं. फायनलला किसन आणि रहीमचाचा. छपरातली एक काच फुटलेली होती आणि तिथून येणारा कवडसा दुपारी पलीकडच्या सर्व्हिसच्या रेघेजवळ येऊन थांबायचा. अंधाऱ्या गोदामात त्या कवडशात गेलेला बॉल क्षणभर दिसेनासा व्हायचा. किसन पुन्हा पुन्हा नेमका तिथंच मारत होता. रहीमचाचा चिडून ओरडला, "अरे किसन, सूरज भी तेरा नौकर है क्या रे?" किसन जिंकला. गादी हातगाडीवर टाकू म्हटलं तर ऐकेना. डोक्यावर घेऊन, भर बाजारातून, मान न वाकवता तो घरी गेला. ती गादी पुढच्या वर्षी शांताबरोबर पुसदकडं गेली.

आता राहिली रमा. रमाला जऊळक्याचं स्थळ आलं. मुलगा रेल्वे स्टेशनवर पोर्टर, माणसं सरळ. मुलगी पसंत, सुपारी फुटली. तारीख धरायला बसले तेव्हा किसन म्हणाला, "मे मयन्यात मी गादी जितून घेतो. मंग तारीख."

त्या मे महिन्यात फायनलच्या दिवशी नेमकं आभाळ आलं. कवडसा पडलाच नाही. रहीमचाचा जिंकला. किसन जाळीखालून वाकून गेला, हात दिला आणि बाहेर येऊन बराच वेळ आभाळाकडं बघत बसला. मला त्या क्षणी हसू आलं होतं. सूर्यावर रुसलेला माणूस मी त्याआधी पाहिला नव्हता.

जऊळक्याचे पाहुणे समजुतीला आले. मुलाचे वडील म्हणाले, "भगत, आमचं पोट्टं जमिनीवर झोपते. आमाले सून न्याची घाई आहे, गादीची नाई."

"तुमाले नसंन. मले आहे," किसन म्हणाला. "दोघी घेऊन गेल्या. हे रिती जाईन काय? इले माय नाई भेटली. गादी तरी भेटू द्या."

पाहुण्यांनी एक वर्ष दिलं. ते वर्ष दुष्काळाचं निघालं. त्याच सुमारास सरकारनं सगळा कापूस आपणच घ्यायचा असं ठरवलं आणि आमचं जिन सरकारच्या कापसाच्या गाठी बांधून देणारं जिन झालं. पीकच नव्हतं, म्हणून गोदाम त्या मे महिन्यात रिकामं होतं. खेळाडू कमी आले, पण स्पर्धा झाली, आणि किसन असा खेळला की तसा तो कधी खेळला नव्हता. तेव्हा तो पन्नाशीला टेकला होता. शेवटच्या बॉलाला रहीमचाचा स्वतःच जाळीखालून धावत आला आणि हात देता देता त्याला मिठीच मारली. "ले जा, तेरी लडकी की गादी ले जा."

मग आमचे मॅनेजर पुढं आले आणि त्यांनी किसनच्या हातात एक चकचकीत कप ठेवला. दोन कानांचा, अकोल्याहून आणलेला.

किसननं तो उलटा करून पाहिला. आत हात घालून पाहिला. "हे काय व्हय?"

"कप आहे, किसन. मोठ्या स्पर्धांत असाच देतात."

"अन् गादी?"

मॅनेजर खरंच ओशाळले होते. "रुई आता आपली नाही रे. सगळी सरकारच्या नावावर, वजन टिपलेली. मूठभरसुद्धा काढता येत नाही."

मी ग्रेडर. मला ते माहीत होतं, पण हा दिवस असा समोर येईल हे माझ्या डोक्यात आलं नव्हतं. किसन त्या कपाकडं बघत म्हणाला, "माही पोरगी याच्यावर झोपन काय?"

काही लोक हसले. तो हसला नाही. आम्ही चारपाच जण पुढं होऊन म्हणालो की वर्गणी काढून गादी करून देतो. तो म्हणाला, "वर्गनी मयतीले काढतेत, ग्रेडरसाहेब." आणि कप काखेत मारून निघून गेला. पुढं त्या कपात तो चुना कालवायचा.

गादी नाही म्हणून त्यानं तारीख परत पुढं ढकलली. त्याला सगळ्यांनी समजावलं. मी समजावलं, माझ्या बायकोनं समजावलं, जनाची सासू घरी येऊन भांडून गेली. त्याचं एकच, "औंदा जितलीच व्हती ना मी? पुढच्या साली परत जितीन. तवरिक शेठले रुई भेटनच." शहाण्या माणसाला हा वेडेपणा वाटेल. मलाही वाटला. पण विकत आणलेली गादी रमाला देणं म्हणजे तिला दुसऱ्या पंक्तीला बसवणं, हे त्याच्या मनानं घेतलं होतं, आणि दुसऱ्या पंक्तीत बसणं काय असतं ते मला काय माहीत?

जऊळक्याचे पाहुणे आले ते उन्हाचे, हात जोडून. मुलाच्या आजीचं वय झालं होतं, ती नातसून बघायची म्हणत होती. त्यांनी दुसरीकडं जमवलं होतं आणि ते सांगायला स्वतः आले होते, निरोप धाडला नव्हता. किसन भिंतीला टेकून नुसता बसला. रमा आतून पाण्याचा तांब्या घेऊन आली. ती तेव्हा सतरा वर्षांची असेल. म्हणाली, "बाबा, पानी द्या त्याइले. उन्हातून आले." एवढंच. मी त्या वेळी तिथं होतो, आणि त्या मुलीच्या आवाजात काही फरक पडला नव्हता हे आठवलं की मला अजून गलबलून येतं.

त्यानंतर गोदाम रिकामं झालंच नाही. दुष्काळ सरला, कापूस मायंदाळ आला आणि थप्प्या लागल्या त्या छपरापर्यंत. एका हंगामाच्या गाठी जायच्या आत दुसऱ्या हंगामाचा कापूस दारात. भिंतीवरची च्यांपियनांची नावं गाठींमागं गेली. दर मे महिन्यात किसन यायचा, दाराशी उभा राहायचा, थप्प्यांकडं बघायचा आणि मला विचारायचा, "हा माल निंगन काय हो एखांद्या मयन्यात?" मी म्हणायचो, बघू. "कोर्ट सारवाचा मान माह्याकडं बाकी आहे," तो म्हणायचा, "थे ध्यानात ठेवजा." इतर मार्कर मंडळी हळूहळू विसरली. रहीमचाचा वारला. क्लबातही पत्ते आले, कोर्टावर गवत आलं, आणि किसनला हरवण्याची हौससुद्धा कुणाला राहिली नाही.

रमा शिकली. नर्स झाली आणि मानोऱ्याच्या दवाखान्यात लागली. स्थळं आली नाहीत असं नाही. तिनंच मग नाही म्हटलं. पहिल्यांदा नोकरीवर निघाली तेव्हा किसन म्हणाला होता, "आता चटई ने. गादी मी जितून धाडतो."

पुढं दोन-तीन वर्षांनी खरेदीच्या कामासाठी मी मानोऱ्याला गेलो आणि तिथं तापानं पडलो. रमानंच औषध दिलं, आणि बरं वाटल्यावर चहाला म्हणून खोलीवर नेलं. खोली लख्ख. भिंतीशी दवाखान्याचा जुना लोखंडी पलंग, पट्ट्या पट्ट्यांचा. त्यावर एक गोणपाट आणि गोणपाटावर सतरंजी. मी बसलो तर पट्ट्या मांडीला टोचल्या.

मी म्हणालो, "रमा, अगं नोकरी करतेस. एक गादी नाही करून घेतलीस?"

ती स्टोव्हला पंप मारत होती. "करता येते, काका. पन मी गादी आनली, अन् एखांद्या दिवशी बाबा आले इथं, त मंग?"

"मग काय?"

"त्याइले वाटन, पोरीनं मले हारलेला धरलं."

तिनं चहा गाळला, माझ्यापुढं ठेवला. "सकायी पाठ दुखते थोडी," ती म्हणाली. "दुखू द्या. सारी दुनिया त्याइले हारोते. मी कायले हारोवू?"

घरी येऊन मी हे बायकोला सांगितलं. रडली ती. आणि दुसऱ्या दिवशी उठून जनाच्या घरी गेली. पुढचं सगळं बायकांनी केलं. माझा त्यात काही हात नाही.

दिवाळीनंतर शांता पुसदहून माहेरी आली ती एसटीच्या टपावर आपली गादी घालून. जनानं आपली आणली. किसनच्या अंगणात पिंजारी येऊन बसला. किसन तेव्हा खोकल्यानं खंगला होता, दिवसभर अंगणात भिंतीशी बाजेवर पडून असायचा. मीही रविवार म्हणून तिथं गेलो होतो. पिंजाऱ्यानं दोन्ही गाद्या उसवल्या. इतक्या वर्षांची रुई, गोळे गोळे झालेली. त्यानं पिंजण उचललं आणि तातीचा आवाज सुरू झाला, टणण, टणण. रुई उडायला लागली. किसनच्या मिशीवर, भुवयांवर, पांघरुणावर बसायला लागली.

"काय करून राह्यल्या वं?" त्यानं विचारलं.

"गाद्या पिंजून घेतो, बाबा," जना म्हणाली. "गोये झाले होते."

तो ऐकत पडला. मग त्याला अंगणात तीन खोळी दिसल्या. दोन विटलेल्या आणि एक नवी.

"हे तिसरी खोय कायची?"

जना म्हणाली, "रमीची."

तो बाजेवर उठून बसला. "नोका करू. वाटून देल्ली गादी काय जितल्याची होते? माह्या पोरीले भीक नोका देऊ."

शांता तापट होती, बापावरच गेलेली. "भीक कायची, बाबा? दोन्ही तुमीच जितल्या ना? थेच रुई आहे हे. बाहेरची एक फुंकर नाई त्याच्यात. अन् रमी मानोऱ्याले लोखंडावर झोपते, ठाऊक आहे का तुमाले? पाठ मोडली तिची. गादी नाई घेत विकत, तुमाले वाईट वाटन म्हनून."

हे त्याला ठाऊक नव्हतं. तो शांताकडं बघत राहिला, मग जनाकडं, मग माझ्याकडं. मी मान खाली घातली. पिंजाऱ्यानं हात थांबवला होता. किसन पुन्हा आडवा झाला आणि कूस बदलून भिंतीकडं तोंड करून पडला. मग तसाच, भिंतीकडं बघत, पिंजाऱ्याला म्हणाला, "तात ढिली आहे तुही. ताण थोडी." पिंजाऱ्यानं ताणली, पुन्हा छेडली. बोलून राह्यली असं तो म्हणाला नाही.

दोन गाद्यांच्या तीन झाल्या. तिन्ही पातळ.

पुढच्या आठवड्यात रमा सुट्टीला आली आणि परत निघाली तेव्हा मी स्टँडवर पोचवायला गेलो. जना, शांता होत्या. आणि सायकलरिक्षातून किसनही आला. मी त्याला कितीतरी दिवसांनी पांढऱ्या कपड्यात पाहिला. कुणाची तरी जुनी पॅंट, आता सुतळीचे वेढे वाढलेले, मिशीला तेल. हमालानं गादीची वळकटी मानोऱ्याच्या गाडीच्या टपावर चढवली. किसननं खालून दोरी धरून पाहिली, नखानं छेडली, आणि घट्ट आवळून घ्यायला सांगितली.

कंडक्टर गावातलाच. त्यानं किसनला भर बाजारातून गादी नेताना पाहिलेलं. हसून म्हणाला, "काहो मार्कर, गोदाम उघडलं काय? औंदा कोन जितलं?"

रमा खिडकीत बसली होती. तिनं एकदम बापाकडं पाहिलं. मला वाटलं, आता हा काहीतरी छाती काढून बोलेल. किसन खिडकीकडं बघत होता. मग बाजूला उभ्या असलेल्या दोघींकडं त्यानं पाहिलं.

"ह्या तिघी जितल्या," तो म्हणाला. "मी हारलो."

कंडक्टरला वाटलं थट्टा आहे. तो हसत गाडीत चढला, घंटी वाजली. किसन गाडीच्या अगदी जवळ गेला, खिडकीच्या गजांमधून त्यानं उजवा हात आत घातला आणि रमापुढं धरला. रमाला आधी काही कळेना. बाप पाया पडू देईल, डोक्यावर हात ठेवील, पण हा तर साहेबांसारखा हात पुढं करून उभा. मग तिनं तो धरला, दोन्ही हातांनी धरला, आणि गाडी हलेपर्यंत सोडला नाही.

पावसाळ्याच्या आत तो गेला. मी तेव्हा कामाला बाहेर होतो, मातीला पोचलो नाही. जना सांगत होती, रात्रीला शेवटपर्यंत जमिनीवर चटईच होती.

मला तो स्टँडवरच आठवतो. गाडी वळून मानोऱ्याच्या रस्त्याला लागली तरी त्याचा हात तसाच पुढं होता. धुळीत डोळे बारीक करून तो टपावरच्या गादीकडं बघत होता, आणि शांतानं दंडाला धरून त्याला रिक्षाकडं नेलं.